वडिलांचं घरबांधणी अग्रिम, मुलाला नोटीस: वसुलीची मुदत एका फाइलीतून

जुलै 2024 मध्ये साताऱ्यातल्या एका घरी नोटीस आली. पाकिटावर नाव होतं 2017 साली वारलेल्या गृहस्थांचं. आत मजकूर असा की आपण सेवेत असताना घेतलेल्या घरबांधणी अग्रिमाची (म्हणजे घरासाठी शासनाने दिलेल्या कर्जाची) मुद्दल व व्याज मिळून 1,81,500 रुपये थकबाकी आहे, ती पंधरा दिवसांत भरावी, न भरल्यास जमीन महसुलाची थकबाकी समजून वसुलीची कारवाई होईल. घरात त्यांची पत्नी आणि खासगी नोकरी करणारा मुलगा. मुलाचा पहिला प्रश्न कोणीही विचारेल तोच: वडील निवृत्त होऊन अठरा वर्षं झाली, आता कसली वसुली? मुदत संपली नाही का?

पुढे जाण्याआधी सांगून टाकतो: हे कुटुंब आणि ही फाइल अभ्यासासाठी रचलेली आहे. अशा प्रकरणांत हमखास भेटणाऱ्या अडचणी एका घरात आणून बसवल्या आहेत आणि हिशेब कागद-पेन्सिलीने तपासता यावा म्हणून आकडे सोपे घेतले आहेत. कायदा आणि निवाडे मात्र खरे आहेत.

वडील राज्य शासनाच्या एका खात्यात लिपिक. 1991 साली त्यांना 90,000 रुपये घरबांधणी अग्रिम मिळालं. दरमहा 500 रुपयांप्रमाणे 180 हप्ते, पहिला हप्ता जुलै 1991 च्या पगारातून, शेवटचा जून 2006 च्या. त्याच महिन्याच्या 30 तारखेला ते वयाच्या 58 व्या वर्षी निवृत्त झाले. सरकारी अग्रिमाची पद्धत बँकेपेक्षा वेगळी असते, हे अनेकांना निवृत्तीच्या तोंडावरच कळतं. बँकेच्या हप्त्यात व्याज आणि मुद्दल दोन्ही असतात. इथे आधी सगळी मुद्दल फिटते आणि मागाहून व्याजाची वसुली सुरू होते. व्याज सरळ, दरमहा शिल्लक राहिलेल्या मुद्दलावर. आपल्या करारात दर 8 टक्के धरला, तर सगळे हप्ते वेळेवर गेले असताना पंधरा वर्षांचं व्याज बरोबर 54,300 रुपये होतं. हप्ते संपेपर्यंत या रकमेचा एक पैसाही कापलेला नसतो. त्यामुळे "वडिलांनी सगळे हप्ते भरले होते" हे कुटुंबाचं म्हणणं आणि "थकबाकी आहे" हे कार्यालयाचं म्हणणं, दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं.

कर्ज कोणाचं

मुलाला कोणीतरी सांगितलं होतं की कर्जवसुलीची मुदत तीन वर्षं. दुसऱ्याने सांगितलं, घर गहाण असेल तर बारा. दोघांचंही आपापल्या जागी बरोबर. साध्या कर्जाच्या दाव्याला तीन वर्षं आणि गहाणाच्या पैशासाठी गहाण मिळकतीवर करायच्या दाव्याला, मुदत कायदा 1963 च्या परिशिष्टातल्या अनुच्छेद 62 प्रमाणे, पैसे देय झाल्यापासून बारा वर्षं. पण त्याच परिशिष्टात अनुच्छेद 112 आहे. केंद्र शासन किंवा राज्य शासन यांनी किंवा त्यांच्या वतीने केलेल्या कोणत्याही दाव्याला तीस वर्षं. घड्याळ सुरू होण्याचा दिवस तोच, जो खासगी माणसाच्या तशाच दाव्यात असता. लांबी तेवढी वेगळी.

तीस वर्षं ऐकून मुलगा चिडला. सावकाराला बारा आणि सरकारला तीस, हा कुठला न्याय? चिडणं रास्त आहे, पण प्रश्न जुना आहे. 1908 च्या कायद्यात सरकारला साठ वर्षं होती. ही सवलत समानतेच्या हक्काला धक्का देते असा आक्षेप सर्वोच्च न्यायालयात नवरत्नमल विरुद्ध राजस्थान राज्य या 1961 च्या प्रकरणात घेतला गेला आणि न्यायालयाने तो फेटाळला. सरकारी पैसा हा जनतेचा पैसा, अधिकाऱ्यांच्या ढिलाईची किंमत जनतेने का मोजावी, हा त्यामागचा विचार. 1963 च्या कायद्याने साठाची तीस केली. माझं मत विचाराल तर संगणकावर पगारबिलं निघायला लागल्यानंतरही तीस वर्षं ठेवण्याला फारसं समर्थन उरलेलं नाही. पण माझ्या मताने मुदत संपत नाही.

म्हणून अशा फाइलीत सगळ्यात आधी पाहायची गोष्ट म्हणजे गहाणखतावर गहाण घेणाऱ्याचं नाव. या कुटुंबाकडे लोखंडी कपाटात 1991 चं नोंदणीकृत गहाणखत होतं. त्यात गहाण घेणार म्हणून "महाराष्ट्राचे राज्यपाल" असा उल्लेख होता. शासनाचे करार राज्यघटनेच्या अनुच्छेद 299 प्रमाणे राज्यपालांच्या नावाने होतात. म्हणजे कर्ज देणारं खुद्द राज्य शासन. अनुच्छेद 112 लागू.

हेच कागद एखाद्या महामंडळाच्या, प्राधिकरणाच्या किंवा सहकारी गृहनिर्माण वित्त संस्थेच्या नावे असते तर सगळं चित्र पालटलं असतं. महामंडळ सरकारी मालकीचं असेल, अध्यक्ष मंत्री असतील, लेटरहेडवर राजमुद्राही असेल; तरी ते अनुच्छेद 112 मधलं "राज्य शासन" नव्हे. त्याला सर्वसाधारण मुदत. निवृत्तीच्या दिवशी सगळी बाकी एकदम देय झाली असं धरलं, तर महामंडळाची गहाणावर दावा करायची बारा वर्षं 30 जून 2018 ला संपली असती आणि 2024 ची नोटीस रिकामं काडतूस ठरली असती. राज्य शासनाची तीस वर्षं मात्र 30 जून 2036 ला संपतात. तेव्हा मुदतीच्या मुद्द्यावर कुटुंब हरतं. हे मुलाला पहिल्याच बैठकीत स्पष्ट सांगणं भाग होतं, नाहीतर तो वकिलाची फी भरून पुढची दोन वर्षं त्याच मुद्द्यावर लढत बसला असता.

त्याने नेटवर वाचलेले आणखी दोन मुद्दे बाजूला काढावे लागले. एक, "निवृत्तांकडून वसुली करता येत नाही" हा पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या निकालाचा, डिसेंबर 2014 चा आधार. तो निकाल चुकून जास्त दिलेल्या पगाराच्या वसुलीबद्दल आहे. वर्ग तीन-चारचे कर्मचारी, निवृत्त किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, पाच वर्षांहून जास्त काळ दिलं गेलेलं जादा वेतन, असे काही प्रसंग त्यात सांगितले आहेत. कर्ज हे जादा वेतन नव्हे. ते मागून घेतलेलं, सही करून घेतलेलं असतं. दुसरा मुद्दा चार वर्षांचा. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम 1982 मधला नियम 27 निवृत्तीनंतरच्या विभागीय चौकशीला चार वर्षांची मर्यादा घालतो. ती गैरवर्तनाच्या चौकशीची आहे. अग्रिमाच्या बाकीशी तिचा संबंध नाही.

महसुली वसुलीची धमकी

नोटिशीतल्या "जमीन महसुलाची थकबाकी समजून" या शब्दांनी आई सगळ्यात जास्त घाबरल्या. तलाठी येणार, घराला कुलूप लागणार असं त्यांना वाटलं. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 मध्ये मागणीच्या नोटिशीपासून जंगम मालाची जप्ती, स्थावराची विक्री आणि अटकेपर्यंतचे उपाय आहेत, हे खरं. पण कोणतंही सरकारी येणं आपोआप जमीन महसुलाची थकबाकी होत नाही. त्याला एखाद्या कायद्याचा किंवा करारातल्या अटीचा आधार लागतो. नोटिशीत तो दाखवलेला नव्हता. तो मागणं हा कुटुंबाचा हक्क.

इथे आणखी एक प्रश्न येतो, आणि तो या घरापेक्षा महामंडळांच्या कर्जदारांना जास्त उपयोगी आहे. न्यायालयात दावा करायची मुदत गेली, पण महसुली मार्गाला मुदतच नाही, मग तिकडून वसूल करता येईल का? केरळ राज्य विरुद्ध कल्याणीकुट्टी या 1999 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नाही असं उत्तर दिलं. महसुली वसुली हा जलद मार्ग आहे, त्याने मेलेला हक्क जिवंत होत नाही. मुदतबाह्य कर्ज हे त्या कायद्याच्या अर्थाने "देय" नाही. पण मे 2024 मध्ये के. पी. खेमका विरुद्ध हरियाणा राज्य औद्योगिक व पायाभूत सुविधा विकास महामंडळ या प्रकरणात दोन न्यायमूर्तींच्या पीठाला या भूमिकेचा फेरविचार व्हावा असं वाटलं आणि प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला गेला. मुदत गेल्याने कर्ज नाहीसं होत नाही, फक्त न्यायालयातला उपाय जातो, हे तत्त्व तर 1957 सालीच बॉम्बे डाइंग विरुद्ध मुंबई राज्य या निकालात सांगितलेलं आहे. कर्ज शिल्लक असेल तर दुसऱ्या मार्गाने ते का मागू नये, असा हा वाद आहे. महामंडळाची नोटीस आलेल्यांनी कल्याणीकुट्टीवर पूर्ण भिस्त ठेवू नये.

टेबलावरचा अर्ज

मुलगा नोटीस घेऊन कार्यालयात गेला तेव्हा लिपिक सज्जन निघाला. चहा सांगितला आणि म्हणाला, "साहेब, एवढं काही नाही. एक साधा अर्ज द्या. थकबाकी मान्य आहे, परिस्थितीमुळे एकरकमी भरू शकत नाही, हप्ते पाडून द्यावेत. वरून मंजूर करून आणतो." अर्जाचा नमुनाही त्याने ड्रॉवरमधून काढून दिला.

लिपिकाच्या मनात काही काळंबेरं नव्हतं. पण तो कागद सही झाला असता तर दोन गोष्टी एकदम घडल्या असत्या. मुदत कायद्याच्या कलम 18 प्रमाणे, मुदत शिल्लक असताना देणं लेखी मान्य करून सही केली की मुदत त्या दिवसापासून नव्याने सुरू होते. म्हणजे 2036 ऐवजी 2054. दुसरी गोष्ट पैशाच्या दृष्टीने मोठी: 1,81,500 हा आकडा मान्य केल्याचा पुरावा तयार झाला असता, आणि तो आकडाच चुकीचा होता. महामंडळाच्या प्रकरणात तर अशी सही याहून महाग पडते. मुदत संपून गेल्यावरसुद्धा "भरतो" असं लेखी वचन सहीनिशी दिलं, तर करार कायद्याच्या कलम 25(3) प्रमाणे तो नवा करार होतो आणि गेलेली मुदत कर्जदार स्वतःच्या हाताने परत देतो.

मुलाने त्या दिवशी सही केली नाही. दुसऱ्या दिवशी त्याने दिलेला अर्ज वेगळा होता: नोटीस मिळाली, रक्कम मान्य नाही, अग्रिमाचा महिनावार हिशेब, कपातीचे तक्ते आणि व्याजाच्या आकारणीची प्रत मिळावी, सर्व हरकती राखून. सोबत दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून माहिती अधिकाराचा अर्ज.

हिशेब उघडल्यावर

या प्रकरणाचा जीव इथे आहे. मुदतीवर खर्च होणारा सगळा जोर इथे लावायला हवा होता.

कार्यालयाने दिलेल्या हिशेबात मुद्दलाचे 26 हप्ते जमा नव्हते: ऑगस्ट 1998 ते सप्टेंबर 2000. म्हणून मुद्दल बाकी 13,000. त्या हप्त्यांच्या उशिरामुळे निवृत्तीपर्यंतचं व्याज 54,300 वरून 61,400 च्या घरात गेलं होतं. मग कार्यालयाने 13,000 आणि 61,400 यांची बेरीज, म्हणजे 74,400, एकच मुद्दल समजून त्यावर अठरा वर्षांचं 8 टक्के व्याज लावलं होतं. ते झालं साधारण 1,07,100. तिन्ही मिळून नोटिशीतला आकडा. करार सरळ व्याजाचा आणि आकारणी व्याजावर व्याजाची. हा भाग कोणालाही दोन ओळींत खोडता येतो, अट एवढीच की आकारणी मागून घेतली पाहिजे.

ऑगस्ट 1998 ला काय झालं होतं? सेवापुस्तकात उत्तर होतं. त्या महिन्यात वडिलांची मराठवाड्यात बदली झाली. बदलीबरोबर जुन्या कार्यालयाने अंतिम वेतन प्रमाणपत्र, म्हणजे एलपीसी, पाठवायचं असतं. त्यात कोणतं अग्रिम, किती बाकी, दरमहा कपात किती हे लिहिलेलं असतं. नव्या कार्यालयाला दुसरीकडून हे कळायचा मार्ग नाही. एलपीसी फेब्रुवारी 1999 मध्ये पोहोचलं. तोवरचे सहा पगार कपातीशिवाय निघाले. वडिलांच्या हातात दरमहा 500 जास्त पडले आणि त्यांनी ते बोलून दाखवलं नाही. हे सहा हप्ते खरोखरच गेलेले नव्हते.

उरलेले वीस महिने मात्र पगारपत्रकावर 500 रुपये कपात दिसत होती. आईंनी वर्षावर्षांच्या पगारस्लिपा पिशवीत बांधून ठेवल्या होत्या, त्यातल्या अकरा सापडल्या. पैसे कापले गेले, मग जमा का नाहीत? सरकारी कर्मचाऱ्यांना दिलेल्या अग्रिमांचं मुख्य लेखाशीर्ष, म्हणजे सरकारी हिशेबातल्या खात्याचा क्रमांक, 7610. त्याखाली घरबांधणी 201 आणि मोटार वाहन 202. नव्या कार्यालयातल्या कपात तक्त्यावर हे 500 रुपये 202 खाली दाखवले गेले होते. वडिलांनी आयुष्यात सायकलीपलीकडे वाहन घेतलं नव्हतं. सप्टेंबर 2000 नंतर कोणीतरी शीर्ष दुरुस्त केलं, पण मागच्या वीस महिन्यांचं समायोजन राहूनच गेलं. अशा नोंदी शोधायच्या तर कोषागाराचं नाव, प्रमाणक (व्हाउचर) क्रमांक आणि तारीख हे तीन तपशील लागतात. "दरमहा कापले जात होते" एवढ्या वाक्यावर कोणतंही लेखा कार्यालय हलत नाही. अकरा स्लिपांवरून देयकांच्या तारखा कळल्या, त्यावरून प्रमाणकं सापडली, आणि एकदा चुकीचा क्रम लक्षात आल्यावर उरलेली नऊही त्याच शीर्षाखाली निघाली.

शेवटचा कागद कपाटातच होता. 2006 च्या ग्रॅच्युइटीच्या प्रदान आदेशावर "घरबांधणी अग्रिमावरील व्याजापोटी वजा रु. 40,000" अशी ओळ होती. निवृत्तिवेतन नियमांप्रमाणे निवृत्तीच्या वेळी शासकीय येणी ग्रॅच्युइटीतून वळती करता येतात, आणि ती वळती केलीही होती. फक्त ती अग्रिमाच्या खात्यापर्यंत पोहोचली नव्हती. अठरा वर्षं एका हाताने घेतलेले पैसे दुसरा हात मागत होता. निवृत्तांच्या घरी अशी नोटीस आली की बाकी सगळं सोडून आधी ग्रॅच्युइटीचा आदेश काढावा असं मी सांगतो, ते यासाठी.

नवा हिशेब असा बसला. व्याज 54,300 वजा 40,000, म्हणजे 14,300. खरोखर न गेलेले सहा हप्ते 3,000. त्यांच्यावरचं सरळ व्याज निवृत्तीपर्यंत साधारण 1,830 आणि पुढच्या अठरा वर्षांचं 4,320. एकूण साडेतेवीस हजारांच्या आत-बाहेर. 1,81,500 च्या जागी.

भरायचं कोणी

मुलगा म्हणाला, वडिलांचं देणं माझ्या पगारातून का? पगारातून नाहीच. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 50 आणि 52 प्रमाणे वारसाची जबाबदारी मृताकडून त्याच्या हाती आलेल्या मालमत्तेपुरती. आईंच्या फॅमिली पेन्शनलाही हात लावता येत नाही: निवृत्तिवेतन अधिनियम 1871 चं कलम 11 आणि दिवाणी संहितेचं कलम 60 पेन्शनला जप्तीपासून वाचवतात, आणि फॅमिली पेन्शन ही मृताची मालमत्ताच नव्हे, असं व्हायोलेट इझाक प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1991 मध्ये म्हटलं आहे. पण घर वडिलांचं, आणि तेच गहाण. पैसे घराला चिकटलेले आहेत.

आणि समजा, मुदत खरोखर संपली असती तरी काय झालं असतं? प्रॉपर्टी कार्डावरचा बोजा आपोआप उतरला नसता. सिटी सर्व्हेचा कर्मचारी मुदत कायदा वाचून नोंद कमी करत नाही. त्याला गहाण घेणाऱ्याचा कागद लागतो. घर विकायचं म्हटलं की गिऱ्हाइकाचा वकील तीच नोंद दाखवणार, बँक त्याला कर्ज नाकारणार. मुदतीचा बचाव दावा आल्यावर कामाचा, घराचे कागद साफ करायला नाही. या कुटुंबाला दोन वर्षांत घर पाडून अपार्टमेंटसाठी बिल्डरला द्यायचं होतं. तेव्हा बारा वर्षांची मुदत लागू असती आणि संपलेली असती, तरी मी त्यांना हिशेब दुरुस्त करून खरी बाकी भरण्याचाच सल्ला दिला असता. साडेतेवीस हजारांसाठी कोट्यवधीचा व्यवहार कोण अडकवून ठेवतं?

रक्कम भरताना मुलाने पत्रात तीन गोष्टी मागितल्या: मुद्दल-व्याज वेगवेगळ्या चलनांनी भरून घ्यावं, कारण मुद्दल 7610 खाली जातं आणि व्याज 0049 खाली, एकाच चलनात टाकलं तर पुन्हा नवा घोळ, खातं निरंक झाल्याचा ना-देय दाखला, आणि राज्यपालांच्या वतीने अधिकृत अधिकाऱ्याच्या सहीचा गहाणमुक्ती लेख. पहिल्या दोन गोष्टी महिन्याभरात झाल्या. गहाणमुक्ती लेखाचा मसुदा खात्याच्या वरिष्ठ कार्यालयात मंजुरीला गेला. दुय्यम निबंधकाकडे त्याची नोंदणी झाली की त्या प्रतीवरून सिटी सर्व्हेत बोजा कमी करण्याचा अर्ज द्यायचा आहे.